पाणाड्याचे डोळे

अंजनाबाईंना कुणी सहज विचारलं, की बाई, तुमच्या आयुष्यातलं सगळ्यात चांगलं वर्ष कोणतं, तर त्या क्षणाचाही विचार न करता सांगतात, बहात्तरच्या दुष्काळाचं. ऐकणारा चाटच पडतो. सत्तरी गाठली, म्हातारीला भ्रम झाला, असंही काहींना वाटतं. वाटेना का! ज्यानं ते वर्ष पाहिलं नाही त्याला काय सांगणार?

तसं बघायला गेलं तर पोटाला काय होतं त्या वर्षी? परदेशातून आलेला तांबडा मिलो, ज्वारीचाच एक प्रकार. त्याची भाकरी थापायला घेतली की हातातच फाटायची. दुष्काळी कामावर दिवसभर खडी फोडली की दुपारी ओंजळभर सुकडी मिळायची. कपिलधारेच्या धबधब्याची धार करंगळीएवढी झाली होती आणि चौसाळ्याच्या बाजारात धडधाकट बैल मातीमोल जात होते. हे सगळं अंजनाबाईंना चांगलं आठवतं. तरी त्यांचं मन पुन्हा पुन्हा तिकडंच धावतं, कारण त्या वर्षी त्या सतरा वर्षांच्या होत्या, त्यांचा बाप जिवंत होता, आणि त्यांच्या मुंगसवाडीत उत्तरेश्वर गुरुजी होते.

हे गुरुजी म्हणजे एक वल्लीच. काडीसारखं अंग, डोळ्यांवर जाड भिंगांचा चष्मा, आणि नाकाच्या शेंड्यावर राग. दोन खोल्यांच्या शाळेत बदली होऊन आले आणि महिन्याभरात त्यांनी ओसरीवर 'विवेक मंडळ' काढलं. खडीचं काम सुटलं की दिवस मावळायच्या आत तिथं सात-आठ जण जमायचे. गुरुजी दम देऊन सांगायचे, "पोथीत आहे म्हणून मानायचं नाही. पाटील म्हणतो म्हणून मानायचं नाही. आणि मी म्हणतो म्हणून तर मुळीच मानायचं नाही! आधी बघायचं, मोजायचं, ताडून घ्यायचं." पाटोद्याकडून एक बुवा आला होता, लिंबू कापून त्यातून रक्त काढून दाखवायचा. गुरुजींनी सुरीला जास्वंदीचं फूल चोळलं आणि वर्गात तसंच लाल लिंबू कापून दाखवलं. बुवानं त्याच दिवशी गाव सोडलं. पोरांना काय आनंद झाला होता म्हणून सांगू!

मंडळात पोरगी एकच, अंजना. सातवी झालेली, बंकट मेंढक्याची थोरली. गुरुजींनी तिला एक काम दिलं होतं. दर सोमवारी गावातल्या अकरा विहिरींत दगड बांधलेला दोर सोडायचा, पाणी किती हात खाली गेलं ते मोजायचं, आणि वहीत उतरवायचं. बायका हसायच्या. "काय गं अंजे, दोर सोडल्यानं पाणी वर येतंय व्हय?" म्हणायच्या. अंजना फणकाऱ्यानं "येतंय की, तुमीच बगा वाकून," असं म्हणून पुढं जायची. शहाण्या माणसांच्या घोळक्यात आपली गणना व्हावी, हे तिच्या मनानं घेतलं होतं.

पण एक गोष्ट तिच्या मनात सलत होती. तिचा बाप पाणाड्या होता. तळहातावर आडवा नारळ ठेवून बंकट शिवारातून अनवाणी चालायचा, आणि नारळ जिथं उभा राहील तिथं विहीर खणायची. गावात चार विहिरी त्याच्या नारळावर खणलेल्या, चारीला पाणी. एरवी बंकट आला तर लोक त्याला पायरीखाली उभं करायचे. नारळ घेऊन आला की मात्र त्याच्यासाठी ओसरीवर घोंगडी अंथरायचे. मंडळात नारळाचा विषय निघाला की अंजना मान खाली घालून वहीतल्या रेघा मोजत बसायची.

तो विषय एकदा निघायचाच होता. गावच्या पाणी सोसायटीला एका सामुदायिक विहिरीची मंजुरी आली. एकच विहीर, आणि तीही पावसाळ्याआधी पुरी व्हायला हवी. त्या विहिरीवर तेवीस घरांची जनावरं जगणार की चौसाळ्याच्या बाजाराला जाणार, हे ठरणार होतं. जागा चुकली तर दुसरी मंजुरी नव्हती. सोसायटीचे चेअरमन सुंदरराव म्हणाले, "बोलवा बंकट्याला, फिरवू द्या नारळ." गुरुजी ताडकन उठले.

"सहकारी विहीर नारळावर खणायची? परीक्षा घ्या आधी! त्याचे डोळे बांधा आणि पाच वेळा फिरवा. पाचही वेळा नारळ एकाच जागी उभा राहिला, तर मी मंडळ मोडतो आणि स्वतः पहिली कुदळ मारतो."

सुंदरराव इतक्या चटकन कबूल झाले की एखाद्याला तेव्हाच शंका यायला हवी होती. पण नाही आली.

"डोळे कुणी बांधायचे?" कुणीतरी विचारलं.

"अंजना बांधेल," गुरुजी म्हणाले. "घरचंच माणूस आहे, मग कुणी लबाडी म्हणायला नको."

अंजनाची छाती फुगली, खोटं कशाला सांगा! सगळ्या गावादेखत गुरुजींनी तिचं नाव घेतलं होतं. बंकट नारळ घेऊन आला तशी ती पुढं झाली, बापाच्याच पटक्याचं टोक घेतलं, आणि त्याच्या डोळ्यांवरून दोन वेढे देऊन मागं पक्की गाठ मारली. बंकट हळूच म्हणाला, "अंजे, जरा ढिलं." तिनं ढिलं केलं नाही.

पुढं जे झालं ते अंजनाबाईंना आजही आठवू नये असं वाटतं. पहिल्यांदा नारळ वडाच्या पारापाशी उभा राहिला. दुसऱ्यांदा ओढ्याच्या काठाला. तिसऱ्यांदा खडकाळ पांदीत, चौथ्यांदा शाळेमागं. पाचव्यांदा बंकट चाचपडत चालत गेला तो थेट उकिरड्यावर, आणि तिथं त्याच्या हातातला नारळ ताठ उभा राहिला. सगळं गाव पोट धरधरून हसलं. पोरं ओरडली, "उकिरड्यात पाणी हाय रं!" बंकटनं स्वतःच गाठ सोडली, पटका पुन्हा नीट गुंडाळला, मेंढरं मोकळी केली आणि कुणाकडं न बघता डोंगराकडं निघून गेला.

त्यानंतर चार दिवस तो लेकीशी एक अक्षर बोलला नाही. भाकरी ताटात पडली की खाली बघून खायचा. आई कडूबाई मात्र बोलत होती, आणि तिचं बोलणं झोंबत होतं. "बापाची बेज्जती करायला शिकवलं व्हय गं तुला शाळंत? चार लोक घोंगडी टाकत होते, ती बी काढून घेतलीस."

इकडं सुंदररावांनी सभा घेतली. नारळ खोटा ठरला, विज्ञान जिंकलं, असं तेच सगळ्यात मोठ्यानं म्हणाले. आणि विज्ञान जिंकलंच आहे तर विहीर आपल्या मोसंबीच्या बागेच्या बांधाला घ्यावी, तिथून पाट काढायला सोपं जाईल, असंही म्हणाले. टाळ्या पडल्या. गुरुजी घुटमळले, पण त्यांनाही पटकन दुसरी जागा सांगता येईना.

पाचव्या दिवशी अंजना भाकरी घेऊन डोंगरावर गेली. बंकट एका उंबराखाली काठीवर हनुवटी टेकून बसला होता. समोर माळावर मेंढरं दाटीवाटीनं बसली होती. तिनं गाठोडं ठेवलं आणि एकदम विचारलं, "बा, नारळ खरंच उभा राहतोय का?"

बंकटनं तिच्याकडं टक लावून पाहिलं आणि चार दिवसांनी पहिल्यांदा हसला. "म्या उभा करतो, येडे. अंगठ्यानं."

"अन मग पाणी?"

"पाणी नारळाला कशाला कळंल?" त्यानं काठीनं समोर दाखवलं. "ती मेंढरं बग. एवढं माळरान मोकळं पडलंय, तरी दुपारच्याला तितंच कावून बसत्यात? तिथली भुई गार हाय. सगळीकडची हरळी जळाली, त्या पट्ट्यात जिती हाय. ह्यो उंबर, त्यो खालचा उंबर अन ओढ्यातली करंजी, एका रेघंत हायत का न्हाई? वारुळं बी त्याच रेघंनं. माझा आज्जा सटवा ह्याच रेघंवर झिरा खंदायचा, वाळूत हातभर खड्डा केला की मेंढरांपुरतं पाणी झिरपायचं. म्या पोटातनं बाहीर पडल्यापसनं ह्या डोंगरावर हाय, अंजे. मला दिसतंय."

अंजना बघतच राहिली. "मग हे लोकांना सांगत कावून न्हाईत?"

"कुनाला सांगू? मेंढक्या म्हणतोय मेंढरं बसत्यात म्हणून हितं खंदा, तर कोन खंदंल? नारळ म्हणला की खंदतेत. अन सुंदररावनं मला आधीच सांगितलंतं, नारळ माझ्या बागंपाशी उभा कर. म्या न्हाई म्हणलो, म्हणून तर परीक्षेला लगीच हो म्हणला." त्यानं भाकरीचं गाठोडं सोडलं. "शिवाय इतक्या वर्सांत कुनी इचारलंच न्हाई, की बंकट्या, तुला कसं कळतंय? तूच पैली."

"पर त्या दिवशी..."

"त्या दिवशी तू माझं डोळंच बांधलंस की गं. म्या बगू कशानं?"

त्याच्या बोलण्यात राग नव्हता. तेच अंजनाच्या काळजाला जास्त लागलं. ती तिथून जी पळत सुटली ती थेट शाळेच्या ओसरीवर येऊन थांबली, आणि धापा टाकत तिनं गुरुजींना सगळं सांगितलं. गुरुजी उखडले.

"पण नारळ खोटा ठरला की नाही?"

"ठरला. नारळ खोटा ठरला, गुरुजी, माझा बा न्हाई. ज्याच्यानं पाणी कळतंय तेच आपण बांधून टाकलं."

गुरुजींनी चष्मा काढला, धोतराच्या सोग्यानं पुसला, पुन्हा घातला आणि "घरी जा" एवढंच म्हणाले. अंजनाला वाटलं, झालं, ह्या माणसाचंही नाक वरच. रडतच घरी गेली. पण दुसऱ्या दिवशी उजाडता उजाडता गुरुजी पायी डोंगरावर हजर! मेंढक्याच्या शेजारी धोंड्यावर बसले, हातात पेन्सिल घेतली आणि म्हणाले, "बंकटराव, मला शिकवा." बंकटला आयुष्यात कुणी 'राव' लावलं नव्हतं. तो आधी मागं वळून बघायला लागला, कुणी दुसरा आलाय की काय म्हणून.

सोसायटीची सभा पुन्हा बसली. गुरुजी उभे राहिले आणि खाकरून म्हणाले, "माझा प्रयोग चुकला. मी नारळ तपासला, माणूस तपासायचा राहिला." मग त्यांनी बंकटला पुढं बोलावलं. बंकट रिकाम्या हातांनी आला. ते हात कुठं ठेवावेत हेच त्याला कळत नव्हतं. पण मेंढरांपासून सटवाच्या झिऱ्यापर्यंत त्यानं सगळं सांगितलं, आणि शेवटाला म्हणाला, "नारळ चुकला तर देवाची मर्जी म्हणायची सोय व्हती. आता ती सोय न्हाई. पाणी न्हाई लागलं तर म्या चुकलो."

"मेंढरांच्या अकलेनं सोसायटी चालवायची का बे?" सुंदरराव कडाडले.

तेव्हा म्हातारे मोहनराव, जे सभेत कधी तोंड उघडत नसत, ते म्हणाले, "सुंदरराव, नारळ खोटा असंल तर त्या चार विहिरींचं पाणी कुनी दावलं?" मतं घेतली. हात वर झाले. तेवीस घरांपैकी तेरा. उंबराच्या रेघेवर खाली गावाजवळ कुदळ पडली.

ते दिवस! सत्तर-ऐंशी माणसं, बाया-बापे, टोपल्यांची रांग, खालून पहारीचा आवाज, वरून गुरुजींचं ओरडणं. मेंढरं धाकट्या भावाकडं सोपवून बंकट स्वतः विहिरीत उतरायचा. दहा हात झाले, पंधरा झाले. वीस हातांवर काळा पाषाण लागला. चोवीस हात झाले तरी ठणठणीत कोरडं. मग कुजबुज सुरू झाली. पाण्याचा टँकर दोन दिवसांआड यायला लागला होता, लोकांचा धीर सुटत चालला होता. कामावरच्या बायका कडूबाईशेजारी बसेनात. सुंदररावांनी सांगून टाकलं, "उद्या काम बंद. मंजुरीचे जे पैसे उरलेत त्यात माझ्या बांधाला जमंल तेवढं खणू."

त्या संध्याकाळी अंजना विहिरीपाशी आली. आधी बापाचा मान तिनं घालवला, आणि आता त्याला बोलायला लावून त्याची उरलीसुरली पतही घालवली. सगळं तिच्याच हातानं झालं होतं. बंकट विहिरीच्या काठावर पाय सोडून बसला होता. तिला वाटलं, आता हा शिव्या देईल. तो म्हणाला, "तुजी ती दोराची वही आण गं. वाच मला."

तिनं वाचलं. पूर्वेकडच्या चार विहिरी साऱ्या हिवाळ्यात दोन-अडीच हात उतरल्या होत्या. पश्चिमेकडच्या सात विहिरी नऊ-नऊ हात. बंकटनं ते दोनदा वाचून घेतलं. मग खाली उतरला, पूर्वेच्या भिंतीला तळहात लावला, पश्चिमेच्या भिंतीला लावला, आणि पुन्हा पूर्वेच्या भिंतीला लावला.

दुसऱ्या दिवशी सकाळी काम बंद करायला सगळं गाव जमलं होतं. सुंदरराव बोलायच्या आधी बंकट मातीच्या ढिगावर चढला.

"म्या चुकलो," तो म्हणाला. आवाज शेवटच्या माणसापर्यंत पोचत होता. "पाण्याची रेघ बरुबर हाय, जागा चुकली. पाणी उगवतीच्या अंगानं येतंय, अन ह्यो काळा खडक त्याला आडवा उभा हाय. म्या खडकाच्या ह्या अंगाला खंदलं, पाणी त्या अंगाला तटलंय. उगवतीची भिंत हाताला गार लागती, ही दुसरी न्हाई लागत. पोरीची वही बी तेच सांगती. खाली जाऊ नका. आडवं फोडा, उगवतीला. धा हात फोडा, मग मला काय बोलायचं ते बोला."

अंजनाबाई सांगतात, की मुंगसवाडीत तोवर भरसभेत 'म्या चुकलो' कुणी म्हटलेलं नव्हतं. पाटील म्हणाला नव्हता, चेअरमन म्हणाला नव्हता, देवळातला पुजारी तर नाहीच नाही. गुरुजी पहिले, आणि आता हा मेंढक्या. लोकांना हसावं की रागवावं हेच कळेना. मग मोहनरावांनी धोतर खोचलं, पहार उचलली आणि शिडीला लागले. ऐंशीला टेकलेला म्हातारा! त्यांच्या मागं तरणी पोरं लाजेकाजेनं उतरली.

सहा दिवस आडवं फोडलं. सातव्या दिवशी दुपारी नवव्या हाताला पहार एकदम आत गेली आणि बाहेर येताना ओली आली. आधी गढूळ थेंब, मग बोटाएवढी धार, मग मनगटाएवढी. खालची माणसं वेड्यासारखी ओरडत होती. वरच्या बाया रडत होत्या. कडूबाईला कुणीतरी मिठी मारली, आणि ती मिठी मारणारी कालपर्यंत तिच्याजवळ बसत नव्हती. बंकट चिखलानं माखून वर आला तसे लोक धडाधड त्याच्या पायावर पडायला लागले. "देवमाणूस हाय! पाण्याचा देव हाय!"

बंकटला असा राग आलेला अंजनानं कधी पाहिला नव्हता. पाय मागं घेत तो गरजला, "उठा बे! देव कशाचा? त्या दिवशीच म्या चुकलो म्हणलो ना तुमच्यापुढं? इतक्यात इसरलात व्हय?"

गुरुजी मोठ्यानं हसले आणि हसता हसता रडले. चष्मा भिजला. अंजना गर्दीच्या कडेला उभी होती. ती बापाजवळ गेली आणि त्याला ऐकू येईल एवढंच म्हणाली, "बा, म्या बी चुकले. त्या दिवशी तुमी ढिलं कर म्हणलात, म्या केलं न्हाई."

बंकटनं तिच्याकडं पाहिलं. "माझ्या कानात काय सांगतीस? डोळं सगळ्यांच्या म्होरं बांधलंस ना?"

बाईमाणसानं गावच्या घोळक्यात तोंड उघडायची तेव्हा रीतच नव्हती. पुढं अंजनाबाई कितीतरी सभांत बोलल्या, बीडला बोलल्या, पाटोद्याला बोलल्या, हजार माणसांपुढं बोलल्या. पण त्या मातीच्या ढिगावर चढणं त्या सगळ्यांहून अवघड होतं. ती चढली. तिनं पदर नीट केला, आणि मोठ्यानं सांगितलं, की माझ्या बापाचे डोळे मी बांधले होते, मला शाबासकी हवी होती म्हणून बांधले होते, आणि तुम्ही हसलात तेव्हा मीसुद्धा तोंड फिरवून हसले होते.

हे शेवटचं तोवर कुणालाच ठाऊक नव्हतं, बापालाही नाही. ती खाली उतरली तेव्हा बंकटचा चेहरा रडवेला झाला होता. त्यानं चिखलाचा हात तिच्या डोक्यावर ठेवला आणि लोकांकडं वळून म्हणाला, "ऐकलं का सगळ्यांनी? माझी लेक हाय ती."